कॉन्स्टिट्यूट: इस्लामी प्रजासत्ताकांच्या घटना फुकटात, वजन मात्र तुमचं तुम्हीच करा

जळगाव-धुळ्याकडे राज्यशास्त्राच्या मुलांपर्यंत 'इस्लामी प्रजासत्ताक' हा विषय पोचतो तो बहुतेक स्पायरल बायंडिंगच्या नोट्समधून. नोट्समध्ये मजकूर ठरलेला असतो: इराण, पाकिस्तान, मॉरिटानिया ही इस्लामी प्रजासत्ताकं, तिथं शरियतचा कायदा चालतो. पहिलं वाक्य बरोबर आहे. दुसरं तिन्ही देशांना लागू केलं की तीन वेगवेगळ्या प्रकारांनी चुकतं. एम. ए.ला तुलनात्मक राजकारण घेणारे, नेट-सेटवाले आणि यूपीएससीला राज्यशास्त्र वैकल्पिक ठेवणारे यांनी निदान एकदा तरी मूळ घटना उघडून बघाव्यात. त्यासाठी सगळ्यात सोयीचं ठिकाण म्हणजे 'कॉन्स्टिट्यूट' हे संकेतस्थळ. २०१३ साली सुरू झालेलं हे काम 'कम्पॅरेटिव्ह कॉन्स्टिट्यूशन्स प्रोजेक्ट' या अभ्यासगटाचं आहे. जगातल्या जवळजवळ सगळ्या देशांच्या घटना इथं इंग्रजीत वाचायला मिळतात, पैसे लागत नाहीत.

आमचं मत आधीच सांगतो. कलम शोधायला याच्यासारखं दुसरं साधन नाही. त्या कलमाला प्रत्यक्षात किती जोर आहे हे मात्र इथं कळत नाही, आणि या विषयात खरी मेख तिथंच आहे.

शोधायचं कसं

बहुतेकजण पहिल्याच पायरीवर घसरतात. शोधपेटीत 'शरिया' असा इंग्रजी शब्द टाकतात आणि जे देश समोर येतील तेवढेच 'शरियतवाले' धरतात. त्या शब्दाची इंग्रजी स्पेलिंगच तीन-चार प्रकारची. त्याहून मोठी अडचण अशी की घटनाकारांनी तो शब्द वापरलेलाच असतो असं नाही. पाकिस्तानच्या घटनेत कायद्याची कसोटी सांगणारा शब्दप्रयोग 'इंजंक्शन्स ऑफ इस्लाम' असा आहे, इराणच्या इंग्रजी मजकुरात 'इस्लामिक क्रायटेरिया', इजिप्तच्या घटनेत 'इस्लामिक शरिया'. म्हणजे एका शब्दानं शोधलं तर इजिप्त सापडेल आणि इराणचं मुख्य कलमच निसटेल.

म्हणून शब्दानं शोधू नका, विषयानं शोधा. संकेतस्थळावर विषयांची लांबलचक यादी आहे आणि प्रत्येक घटनेतली कलमं अभ्यासकांनी त्या विषयांना जोडून ठेवलेली आहेत. आपल्या कामाचे विषय थोडेच: अधिकृत धर्म, धार्मिक कायद्याचं स्थान, धार्मिक न्यायालयं, राष्ट्रप्रमुखाची पात्रता, आणि बदलता न येणारी कलमं. विषय निवडला की कलम ठळक होऊन समोर येतं. तिथं थांबू नका, वरची-खालची कलमंही वाचा. का, ते पाकिस्तानच्या उदाहरणात येईलच.

दोन घटना शेजारी-शेजारी ठेवून वाचायची सोय हा या सेवेचा सर्वात चांगला भाग. पाकिस्तान डावीकडे, इराण उजवीकडे, दोन्हीकडे एकच विषय. हवी ती कलमं 'पिन' करून बाजूला काढता येतात आणि पूर्ण घटना पीडीएफ म्हणून उतरवता येते. दोन रकाने मोबाईलवर वाचणं म्हणजे डोळ्यांना शिक्षा, त्यामुळे तुलना कॉलेजच्या ग्रंथालयातल्या संगणकावर करावी. धडगाव-अक्कलकुव्याकडच्या मुलांनी तर नेट धड असेल तेव्हा पीडीएफ उतरवून ठेवावी आणि मग निवांत वाचावं.

पाकिस्तान: ठळक कलमाच्या पलीकडे

विषय 'अधिकृत धर्म' निवडला की कलम २ समोर येतं: इस्लाम हा राज्याचा धर्म. त्याच्या मागे कलम २-ए, म्हणजे १२ मार्च १९४९ चा उद्दिष्टांचा ठराव. तो आधी नुसती प्रस्तावना होता. लष्करशहा झिया-उल-हक यांच्या काळात, १९८५ मध्ये, घटनेच्या गाभ्यात आला. राष्ट्राध्यक्ष मुसलमान असावा ही अट कलम ४१ मध्ये आहे, आणि पंतप्रधान मुसलमान सदस्यांतूनच निवडायचा हे कलम ९१ मध्ये. एवढं नोट्समध्येही असतं.

पुढचं नसतं. कलम २२७ म्हणतं की सगळे कायदे इस्लामच्या आज्ञांशी सुसंगत केले जातील आणि विसंगत कायदा केला जाणार नाही. वाचणाऱ्याला वाटतं, झालं, आता कोणीही कोर्टात जाऊन कायदा पाडू शकतो. पण त्याच कलमाचं दुसरं पोटकलम सांगतं की याची अंमलबजावणी फक्त या भागात दिलेल्या पद्धतीनंच होईल. ती पद्धत म्हणजे इस्लामी विचारसरणी परिषद: ८ ते २० सदस्य, त्यात किमान एक महिला. राष्ट्राध्यक्ष किंवा राज्यपाल तिला विचारू शकतात. सभागृहाच्या एकूण सदस्यांपैकी दोन-पंचमांश जणांनी मागणी केली तर सभागृहाला विचारावंच लागतं. परिषद देते तो सल्ला. लोकहितासाठी थांबणं बरं नाही असं वाटलं तर सभागृह सल्ला येण्याआधीच कायदा करू शकतं, हेही कलम २३० मध्ये लिहून ठेवलंय. कलम २२७ चं तिसरं पोटकलम बिगरमुस्लिम नागरिकांचे वैयक्तिक कायदे या सगळ्यापासून बाजूला ठेवतं.

कायदा खरोखर रद्द करू शकणारी संस्था निराळी आहे. १९८० साली आलेलं संघीय शरियत न्यायालय. जास्तीत जास्त आठ मुसलमान न्यायाधीश, त्यातले तीनपर्यंत उलेमा, म्हणजे धर्मशास्त्राचे जाणकार. कलम २०३-डी नुसार हे न्यायालय एखादा कायदा इस्लामच्या आज्ञांविरुद्ध आहे का ते तपासतं, आणि तसं ठरवलं तर तो कायदा तेवढ्यापुरता निष्प्रभ होतो. हे कलम ठळक झालेलं पाहून पुढे गेलात तर फसलात. वर २०३-बी मध्ये 'कायदा' कशाला म्हणायचं त्याची व्याख्या आहे. त्या व्याख्येतून स्वतः घटनाच वगळली आहे. मुस्लिम वैयक्तिक कायदा वगळला आहे. न्यायालयीन कार्यपद्धतीचे कायदे वगळले आहेत. कर आणि बँकिंगचे कायदे सुरुवातीला काही वर्षांपुरते वगळले होते, ती मुदत वाढवत दहा वर्षांवर नेली. घटनेच्या मजकुरानुसार शरियत न्यायालयाला मुस्लिम वैयक्तिक कायद्यालाच हात लावता येत नाही, ही गोष्ट परीक्षेत विचारली तर दहापैकी नऊ उत्तरं चुकतील.

दहा वर्षांची ती मुदत संपली आणि व्याजाचं प्रकरण सुरू झालं. रिबा, म्हणजे व्याज, शक्य तितक्या लवकर बंद करावं असं कलम ३८ मध्ये १९७३ पासून आहे. १४ नोव्हेंबर १९९१ ला शरियत न्यायालयानं व्याजाचे कायदे इस्लामविरोधी ठरवले. डिसेंबर १९९९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या शरियत अपील पीठानं ते कायम केलं. जून २००२ मध्ये त्याच पीठानं, वेगळ्या न्यायाधीशांसह, तो निकाल बाजूला ठेवून प्रकरण परत खाली पाठवलं. खाली ते वीस वर्षं पडून राहिलं. एप्रिल २०२२ मध्ये पुन्हा निकाल लागला, मुदत मिळाली २०२७ च्या अखेरीपर्यंत. ऑक्टोबर २०२४ च्या २६व्या घटनादुरुस्तीनं कलम ३८ मध्येच १ जानेवारी २०२८ ही तारीख घातली, 'जमेल तितकं' अशा सावध शब्दांसह. घटनेतलं एक वाक्य आणि त्याची पन्नास वर्षांची फरफट. यातलं पहिलंच तेवढं कॉन्स्टिट्यूट दाखवतं.

इथंच दुसरी काळजी. घटनेच्या नावापुढे कोणत्या वर्षापर्यंतच्या दुरुस्त्या धरल्या आहेत ते लिहिलेलं असतं. तो आकडा वाचल्याशिवाय एकही कलम उत्तरात उतरवू नका. २०१८ पर्यंतचा मजकूर समोर असेल तर त्यात २६वी दुरुस्ती असणार नाही, आणि तुम्ही रिबाचं कलम जुन्या रूपात पाठ कराल.

इराण: तीच कसोटी, किल्ली दुसऱ्याच्या हातात

आता उजवीकडच्या रकान्यात या. इराणच्या घटनेचा जो मजकूर मिळतो तो १९७९ चा, १९८९ च्या दुरुस्तीसह. एकूण १७७ कलमं. कलम ४ म्हणतं की दिवाणी, फौजदारी, आर्थिक, लष्करी, सांस्कृतिक, सगळे कायदे इस्लामी निकषांवर उभे असावेत, आणि ही अट घटनेतल्या बाकी सगळ्या कलमांवरही लागू. कसोटी कोण लावणार? पालक मंडळातले फकीह, म्हणजे धर्मशास्त्रज्ञ. पाकिस्तानच्या २२७ शी हे वाचून बघा. वाक्याचा अर्थ जवळपास सारखा, पण तिथं सल्ला देणारी परिषद आणि इथं नकाराधिकार असलेलं मंडळ.

पालक मंडळाची रचना कलम ९१ मध्ये. बारा सदस्य. सहा फकीह थेट सर्वोच्च नेता, म्हणजे राज्याच्या शिखरावरचा धर्मगुरू, नेमतो. सहा कायदेतज्ज्ञ संसद निवडते, पण न्यायव्यवस्थेचा प्रमुख जी नावं देईल त्यांतूनच, आणि तो प्रमुख नेमतो सर्वोच्च नेता. कलम ९३ नुसार पालक मंडळ नसेल तर संसदेला कायदेशीर अस्तित्वच नाही. संसदेनं संमत केलेलं प्रत्येक विधेयक मंडळाकडे जातं, दहा दिवसांत तपासायचं, हवे असतील तर आणखी दहा मागायचे. इस्लामशी सुसंगत आहे का, यावर फक्त सहा फकीहांचं बहुमत चालतं. घटनेशी सुसंगत आहे का, यावर बाराही जणांचं. कागदावर घेऊन बसा आणि हिशेब करा: विधेयक इस्लामच्या मुद्द्यावर अडवायला चार माणसं पुरतात.

निवडणुकांवर देखरेख कलम ९९ मध्ये आहे, एका ओळीत. त्या ओळीचा अर्थ मंडळानं स्वतःच लावला आणि संसदेच्या उमेदवारांना पात्र-अपात्र ठरवण्याचा अधिकार त्यातून काढला. घटनेचा अर्थ लावायचं कामही कलम ९८ नं त्यांच्याकडेच दिलेलं आहे. कॉन्स्टिट्यूटवर ती एक ओळ तेवढी दिसते.

नोट्समध्ये हमखास गाळलेला भाग म्हणजे कलम ११२. संसद आणि पालक मंडळ अडून बसले तर काय? १९८८ मध्ये पहिले सर्वोच्च नेते खोमेनी यांनी हितनिर्धारण परिषद नेमली, १९८९ मध्ये ती घटनेत आली. मंडळानं शरियतविरोधी ठरवलेला कायदाही ही परिषद राज्याच्या हितासाठी पुढे नेऊ शकते. 'धर्मसत्ता' हा एक शब्द लिहून इराणचं उत्तर संपवणाऱ्यांनी हे कलम दोनदा वाचावं. त्याच दुरुस्तीत पंतप्रधानपद गेलं, आणि सर्वोच्च नेता 'मरजा' दर्जाचाच, म्हणजे शियांमधला सर्वात वरच्या पायरीचा धर्मगुरूच, असावा ही अटही गेली.

अल्पसंख्याकांसाठी कलम १३ आणि ६४. पारशी, यहुदी आणि ख्रिस्ती यांनाच मान्यता आहे. २९० जणांच्या संसदेत पाच जागा राखीव: पारशी एक, यहुदी एक, असिरियन-खाल्डियन ख्रिस्ती मिळून एक, आर्मेनियन दोन. बहाईंचा, म्हणजे इराणातच जन्मलेल्या बहाई धर्माच्या लोकांचा, उल्लेखच नाही. घटनेत नाव नसणं हीसुद्धा माहिती असते, पण विषयवार शोधात ती कधीच ठळक होत नाही. ती आपणच हेरायची.

'बदलता न येणारी कलमं' हा विषय इथं जरूर लावून पाहा. इराणच्या कलम १७७ मध्ये व्यवस्थेचं इस्लामी स्वरूप कायमचं कुलूपबंद आहे. पाकिस्तानात उलट: कलम २३९ म्हणतं, संसदेच्या दुरुस्तीच्या अधिकारावर कसलीच मर्यादा नाही. म्हणजे नुसत्या मजकुरावर गेलं तर कलम २ सुद्धा दोन्ही सभागृहांच्या दोन-तृतीयांश मतांनी काढता येईल. २०१५ मध्ये तिथल्या सर्वोच्च न्यायालयाच्या बहुसंख्य न्यायाधीशांनी संसदेच्या या अधिकाराला काही मर्यादा आहेत असं म्हटलं, पण तो निकाल इथं सापडणार नाही. आपल्या केशवानंद भारती प्रकरणाशी (घटनेची मूलभूत चौकट संसदेला बदलता येत नाही, हा निकाल) तुलना करायची असेल तर निकाल वेगळा शोधून वाचावा लागेल.

बाकीचे देश

मॉरिटानियाला वेळ थोडा द्या. घटना १९९१ ची. कलम १ मध्ये इस्लामी प्रजासत्ताक, कलम ५ मध्ये इस्लाम हा जनतेचा आणि राज्याचा धर्म, कलम २३ मध्ये राष्ट्राध्यक्ष मुसलमान. गंमत कलम ९९ मध्ये आहे: दुरुस्तीपासून तिथं संरक्षण आहे ते प्रजासत्ताक पद्धतीला, बहुपक्षीय लोकशाहीला आणि भूभागाला, इस्लामला नाही. २०१७ च्या सार्वमतानं सिनेट बरखास्त झालं आणि झेंड्याला लाल पट्टे आले. जुनी प्रत पाहत असाल तर सिनेट अजून तिथं जिवंत सापडेल.

अफगाणिस्तानची २००४ ची घटना इतिहास म्हणून वाचा, चालू कायदा म्हणून नाही. ऑगस्ट २०२१ नंतर तिथं इस्लामी अमिरात आहे, प्रजासत्ताक नाही. तरी कलम ३, १३० आणि १३१ वाचण्यासारखी आहेत: कायद्यात तरतूद नसेल तिथं न्यायालयांनी हनफी फिक्ह (सुन्नींमधल्या हनफी परंपरेचं धर्मशास्त्र) लावायचं, आणि शिया पक्षकारांच्या वैयक्तिक बाबींत शिया फिक्ह. गांबियाच्या घटनेत 'इस्लामी प्रजासत्ताक' शोधत बसू नका. डिसेंबर २०१५ मध्ये तेव्हाचे अध्यक्ष याह्या जामे यांनी ती नुसती घोषणा केली होती, जानेवारी २०१७ मध्ये नव्या अध्यक्षांनी मागे घेतली. कोमोरोसच्या नावातून 'इस्लामी' हा शब्द २००१ मध्ये गेला.

नाव ही पाटी आहे, आत माल काय आहे ते कलमांत बघायचं. मालदीव स्वतःला नुसतं 'प्रजासत्ताक' म्हणवतं, पण २००८ च्या घटनेचं कलम ९ सांगतं की बिगरमुसलमान व्यक्ती नागरिक होऊ शकत नाही. ही अट पाकिस्तानात नाही, इराणातही नाही. इजिप्तनं १९८० मध्ये 'शरियतची तत्त्वं हा कायद्याचा मुख्य स्रोत' असं केलं, पण कसोटी लावण्याचं काम साध्या घटना न्यायालयाकडे ठेवलं. बांगलादेशात १९८८ पासून राज्यधर्म इस्लाम, आणि २०११ च्या पंधराव्या दुरुस्तीनं त्याच घटनेत धर्मनिरपेक्षताही परत आणली. सौदी अरेबियाचा १९९२ चा मूलभूत कायदा कुराण आणि सुन्नत (पैगंबरांचा आचार) हीच घटना मानतो, पण तो देश राजेशाही आहे, प्रजासत्ताक नाही. इंडोनेशियात सर्वाधिक मुसलमान असून घटनेत राज्यधर्मच नाही.

(कुणी थाळनेर-बुऱ्हाणपूरच्या फारुकी सुलतानांना 'खान्देशातलं इस्लामी प्रजासत्ताक' म्हणत असेल तर त्याला हात जोडा. ती सल्तनत होती, १३८२ ते १६०१. तिथं ना लिखित घटना होती, ना निवडणूक.)

जे इथं मिळणार नाही

'शरियतचा कायदा चालतो' या वाक्यात लोकांच्या डोक्यात असते ती शिक्षा, आणि शिक्षा घटनेत नसतात. पाकिस्तानचे हुदूद (शरियतनं ठरवलेल्या शिक्षांचे) अध्यादेश १९७९ चे, ईशनिंदेचं २९५-सी कलम १९८६ चं, दोन्ही घटनेबाहेर. मॉरिटानियात धर्मत्यागाची शिक्षा दंडसंहितेच्या कलम ३०६ मध्ये आहे. कॉन्स्टिट्यूट फक्त घटना देतं, दंडसंहिता देत नाही, निकालही देत नाही. त्यामुळे इथल्या वाचनावरून एखाद्या देशाला 'कडक' किंवा 'सौम्य' ठरवणं धोक्याचं.

भाषेचंही बघा. इंग्रजी, अरबी, स्पॅनिश आहे. मराठी, हिंदी, उर्दू नाही. भुसावळ-जळगावच्या उर्दू माध्यमातल्या मुलांना पाकिस्तानची घटनासुद्धा इथं इंग्रजीतच वाचावी लागेल. इराणचं इंग्रजी रूप हे भाषांतर आहे, अधिकृत मजकूर फारसी. प्रबंधात उद्धृत करताना 'अनुवाद' असं लिहायला विसरू नये, मार्गदर्शक लगेच पकडतात.

छापून घ्यायचं असेल तर सगळं छापू नका. पाकिस्तानची घटना २८० कलमांची आहे आणि परिशिष्टं वेगळी; झेरॉक्सवाल्याचंच भलं होईल. कलम १ ते २-ए, ३१, ३८, ४१, ९१, २०३-ए ते २०३-जे, २२७ ते २३१, २३९ आणि मुसलमान कोण याची व्याख्या देणारं २६० एवढं पुरे. इराणची मात्र पूर्ण घ्या, प्रस्तावनेसकट. १७७ कलमंच आहेत आणि प्रस्तावना वाचल्याशिवाय कलम ५ मधलं विलायत-ए-फकीह, म्हणजे धर्मशास्त्रज्ञाच्या हाती राज्य, कुठून आलं ते समजत नाही.